पक्षकाराला न सांगता दिलेली पुरसिस : सोलापूर जिल्ह्यातील दिवाणी वकिलांना खुले पत्र

प्रति,
सोलापूर जिल्ह्यात दिवाणी काम पाहणारे सर्व वकील बंधू-भगिनी,

सप्रेम नमस्कार.

मी दिवाणी न्यायालयातून निवृत्त झालेला कर्मचारी आहे. नोकरीचा बराच काळ न्यायाधीशांच्या समोरच्या टेबलावर रोजनामा, म्हणजे दाव्यात त्या दिवशी काय घडले याची नोंद, लिहिण्यात गेला. तुमचे अर्ज, म्हणणी (समोरच्याच्या अर्जावरची उत्तरे), पुरसिस (पक्षकाराच्या वतीने कोर्टाला दिलेली छोटी लेखी निवेदने) त्या टेबलावर यायच्या आणि त्यांवर निशाणी, म्हणजे दप्तरातला क्रमांक, टाकायचे काम माझ्याकडे असायचे. दावा कुठे वळला हे समजायला मला निकालाची वाट पाहावी लागत नसे. ते त्या दोन-तीन ओळींच्या कागदावर आधीच दिसे. ज्याच्या नावाने तो कागद दिलेला असे, तो मात्र बाहेर व्हरांड्यात बसलेला असे आणि कोर्ट उठल्यावर मला विचारी, "आज काय झालं, साहेब?"

माझे सांगणे एवढेच आहे. पक्षकाराच्या वतीने कोर्टाला जे सांगायचे ते आधी पक्षकाराला सांगा, त्याला कळेल अशा भाषेत सांगा, आणि तसे सांगितल्याची नोंद त्याच कागदावर घ्या. कोणावर ठपका ठेवायला मी बसलेलो नाही. तुमच्यापैकी अनेकांची मेहनत मी रोज पाहिली आहे. पण या एका बाबतीत आपल्या जिल्ह्यात, आणि बहुधा सगळीकडेच, एक सैल सवय रुजली आहे आणि तिची किंमत पक्षकार मोजतो.

दिवाणी दाव्यात न्यायाधीश स्वतः तपास करत नाहीत. ते बांधावर जात नाहीत, गावकऱ्यांना विचारत नाहीत. वादी काय म्हणतो आणि प्रतिवादी त्यातले काय नाकारतो यावरून मुद्दे निघतात, मुद्द्यांवरून शाबितीचा भार ठरतो आणि भारावरून आधी कोणी पिंजऱ्यात उभे राहायचे ते ठरते. दोघांनाही जे मान्य आहे ते शाबीत करावे लागत नाही. जुन्या पुरावा कायद्यात हे कलम ५८ होते, १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात ते कलम ५३ आहे. दाव्यातले कथन नेमकेपणाने नाकारले नाही तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ८ रूल ५ प्रमाणे ते मान्य धरले जाते. कबुली स्पष्ट असेल तर ऑर्डर १२ रूल ६ खाली साक्षीपुरावा न होताच तेवढ्यापुरता निकालही देता येतो. नगीनदास रामदास प्रकरणात १९७३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की प्लीडिंगमधली, म्हणजे पक्षकारांच्या लेखी मांडणीतली, कबुली ही साक्षीत निघालेल्या कबुलीपेक्षा वरच्या दर्जाची असते आणि ती देणाऱ्याला बांधून टाकते. हे तुम्हाला मी सांगायला नको. पक्षकाराला मात्र यातले काहीच ठाऊक नसते. त्याला वाटते, खरी लढाई साक्षीच्या दिवशी आहे.

नीट दिलेली पुरसिस फार उपयोगाची असते, हे आधी सांगतो. वाटपाच्या दाव्यात वंशावळ मान्य, बाकी सगळे गट वडिलोपार्जित मान्य, वाद फक्त एका गटाचा, की तो थोरल्याने स्वतःच्या कमाईतून घेतला की एकत्र कुटुंबाच्या पैशातून. दोन्ही बाजूंच्या वकिलांनी बसून तशी संयुक्त पुरसिस दिली तर तलाठ्याला बोलवायला नको, जुने फेरफार एकेक शाबीत करायला नको, मुद्दा एकच राहतो. आपल्याकडचे एक ज्येष्ठ वकील अशी पुरसिस देताना पक्षकाराला शेजारी उभे करत आणि म्हणत, "साहेबांना तुमच्या तोंडानं सांगा, काय मान्य आहे." तो माणूस अडखळत सांगायचा. पण त्या दाव्यात पुढे कधी 'मी असं म्हटलंच नव्हतं' हा अर्ज आला नाही.

आता जिथे माझा जीव सर्वांत जास्त तुटला ती पुरसिस सांगतो. 'निशाणी ५ चे म्हणणे हीच प्रतिवादीची कैफियत समजण्यात यावी.' एका ओळीची. (कैफियत म्हणजे दाव्याला प्रतिवादीने दिलेले लेखी उत्तर.) तुम्ही सगळ्यांनी कधी ना कधी दिलेली.

दावा दाखल होतो, सोबत तात्पुरत्या मनाईचा अर्ज, निशाणी ५. प्रतिवादी नोटीस घेऊन तारखेच्या आदल्या संध्याकाळी तुमच्याकडे येतो. रात्रीतून म्हणणे तयार होते. त्यात भर असतो ताब्यावर, कारण उद्या मनाई अडवायची असते. बाकीच्या परिच्छेदांना एकच उत्तर असते: 'मजकूर खोटा व लबाडीचा आहे, तो मान्य नाही.' त्या रात्रीपुरते ते ठीकच. पुढे कैफियतीची वेळ येते. समन्स मिळाल्यापासून ३० दिवस, कारण दाखवून ९० दिवसांपर्यंत. कामाच्या गर्दीत ते दिवस निघून जातात, विना कैफियत आदेश व्हायची वेळ येते आणि मग ही एक ओळ दाखल होते. आदेश टळला म्हणून सगळे सुटकेचा श्वास टाकतात.

दोन-तीन वर्षांनी तोच प्रतिवादी उलटतपासात सांगतो, "आमचं वाटप आमच्या वडिलांच्या हयातीतच झालंय. पंच होते, बांध घातले, वेगवेगळी पिकं घेतो." समोरचे वकील शांतपणे विचारतात, "ही हकीगत तुमच्या कैफियतीत लिहिलेली नाही, हे खरं आहे?" तो म्हातारा वळून आपल्या वकिलाकडे बघतो. त्याने ही हकीगत पहिल्याच दिवशी सांगितलेली असते. निशाणी ५ च्या म्हणण्यात तिची गरज वाटली नाही म्हणून ती राहिली, आणि ते म्हणणेच कैफियत झाले. आधीच्या वाटपाचा मुद्दा निघालाच नाही. प्लीडिंगमध्ये नसलेल्या गोष्टीचा पुरावा कोर्ट विचारात घेत नाही. दुरुस्तीचा अर्ज द्यावा तर ऑर्डर ६ रूल १७ ची अट आडवी येते: चौकशी सुरू झाल्यावर दुरुस्ती हवी असेल तर योग्य ती तत्परता दाखवूनही आधी हे मांडता आले नसते, असे कोर्टाला पटवावे लागते. पहिल्या दिवसापासून माहीत असलेल्या गोष्टीबद्दल हे कसे पटवणार?

आणि ती घाई गरजेची तरी होती का? सेलम अ‍ॅडव्होकेट बार असोसिएशनच्या प्रकरणात २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने साध्या दिवाणी दाव्यांतली ९० दिवसांची मर्यादा अपवादात्मक कारणासाठी वाढवता येते असे सांगून ठेवले आहे. व्यापारी दाव्यांची गोष्ट वेगळी, तिथे १२० दिवसांनंतर दार बंदच होते. पण आपल्या तालुक्यांतले बहुतेक दावे वाटपाचे, मनाईचे, खरेदीखताच्या पूर्ततेचे. त्यात खरे कारण लिहून, खर्च भरून आठ-दहा दिवस मागणे हे त्या एका ओळीपेक्षा पक्षकाराला कितीतरी स्वस्त पडते.

'वादीस यापुढे तोंडी पुरावा देणे नाही' ही पुरसिसही अशीच. अतिक्रमणाच्या दाव्यात मोजणीचा नकाशा दाखल आहे, पण भूमी अभिलेखच्या मोजणीदाराला बोलवायचे राहून गेले आणि पुरावा बंद झाला, तर तो नकाशा फाईलमध्ये नुसता पडून राहतो. पुरावा पुन्हा उघडायची वाट आहे, पण ती अरुंद आहे आणि दर वेळी कोर्टाची परवानगी लागते.

दावा काढून घेण्याबद्दल मात्र जरा थांबून सांगावे लागेल. अक्कलकोटच्या बाजूचे दोन भाऊ, सामाईक विहीर, मोटारीच्या पाळीवरून सुरू झालेले भांडण. धाकट्याने दावा लावला होता. गावातल्या वडीलधाऱ्यांनी बसून मिटवले: धाकट्याने दावा काढायचा, थोरल्याने विहिरीतला अर्धा हिस्सा सात-बाराच्या इतर हक्कांत लावून द्यायचा. दुसऱ्या दिवशी कोर्टात अर्ध्या पानाची पुरसिस आली. 'वादीस सदरचा दावा पुढे चालवणे नाही, तरी दावा निकाली काढण्यात यावा.' खाली वादीची कानडीत सही. विहिरीचा त्यात शब्द नाही, थोरल्याची सही नाही. त्याच दिवशी दावा निकाली निघाला. मी रोजनामा लिहिला. दोघे भाऊ एकाच मोटारसायकलवरून घरी गेले.

उन्हाळ्यात पाणी आटले तेव्हा थोरला फिरला. धाकटा कोर्टात आला आणि मला म्हणाला, मिटवल्याचा कागद द्या. मी त्याला पुरसिसची नक्कल दाखवली. त्याला ती वाचता येत नव्हती, म्हणून वाचून दाखवली. तो म्हणाला, "एवढंच? विहिरीचं कुठं आहे?" ऑर्डर २३ रूल १ प्रमाणे, नव्याने दावा लावायची परवानगी न घेता दावा काढून घेतला की त्याच विषयावर पुन्हा दावा लावता येत नाही. त्याऐवजी रूल ३ खाली दोघांच्या सहीची तडजोड पुरसिस दिली असती, चार ओळी जास्त लिहिल्या असत्या, तर तिचा हुकूमनामा (कोर्टाचा अंमलात आणता येणारा निर्णय) झाला असता आणि थोरला फिरला त्या दिवशी थेट दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, लावता आली असती. चार ओळींचा फरक. तो वकिलाला माहीत होता, त्या भावाला नव्हता, आणि सही भावाची होती.

तडजोडीचा हुकूमनामा झाला तरी सावधपण लागतेच, कारण तो दोन्ही बाजूंनी पक्का असतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९६ खाली संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही. तडजोड बेकायदा होती म्हणून वेगळा दावा लावायला रूल ३अ मनाई करतो, ज्या कोर्टाने ती नोंदवली त्याच कोर्टात जावे लागते. लोकअदालतीतला निवाडा तर १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने अंतिमच आहे. म्हणून लोकअदालतीच्या दिवशी टेबलापुढे लांब रांग असताना पक्षकाराच्या पुढे कागद सरकवून 'इथं सही करा' म्हणणे मला कधीच पटले नाही. त्या सहीनंतर त्याच्या हातात फारसे काही उरत नाही.

तोंडी सांगितलेल्याचेही तसेच. वकील उभे राहून म्हणतात, "पुढच्या तारखेपर्यंत आम्ही बांधकाम करणार नाही." न्यायाधीश म्हणतात, नोंद घ्या. मी नोंद घेतो. निशाणी ५ वर त्या दिवशी आदेश होत नाही, कारण त्या शब्दावर विश्वास ठेवलेला असतो. शहरातल्या एका पेठेतल्या जुन्या वाड्याच्या दाव्यात हेच झाले. घरमालकाला हे कोणी कळवलेच नाही. गवंडी ठरलेला, सेंट्रिंग लागलेले, त्याने रविवारी स्लॅब टाकला. पुढच्या तारखेला समोरून अवमानाचा अर्ज. न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणे हा १९७१ च्या कायद्याप्रमाणे दिवाणी अवमान आहे. तो माणूस हात जोडून सांगत होता की मी असा शब्द दिलाच नाही. खरेच, त्याने दिला नव्हता. पण त्याच्या वतीने दिला गेला होता.

'रोजनाम्यात चुकीचे लिहिले आहे' असे पुढे अपिलात म्हणणारेही मी पाहिले. ती वाट जवळपास बंद आहे. १९८२ मध्ये, महाराष्ट्र शासन विरुद्ध रामदास श्रीनिवास नायक या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की कोर्टात काय घडले याबद्दल न्यायाधीशांनी निकालात जे नोंदवले ते अंतिम. ते चुकले असे वाटत असेल तर, गोष्ट ताजी असतानाच, त्याच न्यायाधीशांकडे जाऊन सांगितले पाहिजे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले आणि आपला जिल्हा त्यात आला, याचा मला मनापासून आनंद आहे. मुंबईची फेरी वाचली. पण कोल्हापुरातही आधी खालच्या कोर्टाचे दप्तरच उघडले जाणार. पक्षकाराला आपल्या नावाने काय नोंदवले गेले ते महिनोन्‌महिने कळत नसेल, तर 'गोष्ट ताजी असतानाच' हे त्याच्या बाबतीत कधी घडणार?

'पक्षकाराकडून सूचना नाहीत' या पुरसिसबद्दल थोडक्यात. वकीलपत्रातून मोकळे व्हायला ऑर्डर ३ रूल ४ प्रमाणे कोर्टाची परवानगी लागते. पक्षकाराला आधी नोटीस पाठवली, तिची पोच जोडली, तर तो दुसरा वकील तरी पाहतो. नाहीतर त्याला दावा एकतर्फा झाल्याचे कळते ते दरखास्तीत बेलिफ दारात आल्यावर. पक्षकार मयत झाल्याचे कोर्टाला कळवणे हेही ऑर्डर २२ रूल १०अ प्रमाणे वकिलाचे काम आहे. वारसांना रेकॉर्डवर घ्यायला ९० दिवस असतात आणि ते मृत्यूच्या तारखेपासून मोजतात, म्हणून तारखेसह, वारसांच्या नावांसह लगेच कळवले तर कितीतरी दावे अ‍ॅबेट होण्यापासून, म्हणजे आपोआप संपण्यापासून, वाचतील.

तुम्ही म्हणाल, वकीलपत्रात हे सगळे अधिकार पक्षकाराने दिलेलेच असतात. छापील वकीलपत्रात तडजोड करणे, दावा काढून घेणे, पैसे उचलणे हे सगळे असते, बारीक अक्षरात, आणि वकिलाने तडजोडीवर सही केली तरी ती चालते हे बैराम पेस्तनजी गारीवाला प्रकरणात १९९१ मध्ये ठरले आहे. त्याच सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये हिमालयन को-ऑप. ग्रुप हाउसिंग सोसायटी प्रकरणात हेही सांगितले की पक्षकाराच्या हक्कावर परिणाम करणारी सवलत किंवा तडजोड वकिलाने त्याच्या स्पष्ट सूचनेशिवाय देऊ नये. पहिल्या भेटीत टेबलाच्या कडेवर ठेवून सही घेतलेला छापील कागद म्हणजे ती स्पष्ट सूचना, असे मनापासून म्हणता येईल का?

पक्षकारही खोटे सांगतात, हे मला माहीत आहे. हक्कसोडपत्र लपवून वाटप मागायला येणारे येतात आणि अडचणीत येतो तो वकील. चेंगलवराय नायडू प्रकरणात १९९३ मध्ये असेच एक सोडपत्र दडवले होते. कोर्टाला फसवून मिळवलेला हुकूमनामा शून्यवत आहे, असा निर्णय झाला. म्हणून तर लिहून, वाचून दाखवून, सही घ्यायची. त्यात तुमचेही रक्षण आहे. उद्या तो उलटला तर 'मला वकिलांनी सांगितलंच नाही' असे म्हणायला त्याला जागा राहत नाही.

आपल्या जिल्ह्यात हे आणखी जपून करावे लागते. पूर्व भागातला विणकर घरी तेलुगू बोलतो, अक्कलकोट आणि दक्षिण सोलापुरातला शेतकरी कानडी, शहरातले कितीतरी लोक दखनी उर्दू. मराठी सगळ्यांना बोलता येते, वाचता येतेच असे नाही. जिल्हा आणि तालुका न्यायालयांची भाषा मराठी ठरलेली आहे, तरी पुरसिस मात्र अनेकदा इंग्रजीत, जुन्या फाईलवरून उचललेल्या. यंत्रमागावर पाळी करून आलेला माणूस त्यावर सही करतो आणि 'झालं का?' एवढेच विचारतो. तो विचारत नाही म्हणून त्याला सांगायचे नाही, हे मला मान्य नाही.

तेव्हा बार असोसिएशनच्या पुढच्या सभेत हा विषय घ्यावा, अशी माझी विनंती आहे. कैफियतीची, पुरावा बंदची, दावा काढण्याची, तडजोडीची आणि कोणतीही हमी देणारी पुरसिस मराठीत असावी. तिच्याखाली एक ओळ असावी: 'वरील मजकूर मला माझ्या भाषेत वाचून व समजावून सांगितला, तो मला मान्य आहे.' त्याखाली पक्षकाराची सही आणि समजावून सांगणाऱ्याचे नाव. तेलुगू-कानडी जाणणारे क्लार्क तुमच्या कार्यालयांत आहेतच, ते काम त्यांना द्या. तोंडी हमी दिली असेल तर कोर्टातून बाहेर पडताच पक्षकाराला फोन करा आणि तीच गोष्ट मेसेजवर लिहून पाठवा. ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपवर सीएनआर क्रमांक (प्रत्येक दाव्याचा स्वतंत्र ओळख क्रमांक) टाकला की पुढची तारीख, टप्पा आणि अपलोड झालेले आदेश दिसतात. पहिल्याच भेटीत तो क्रमांक पक्षकाराच्या किंवा त्याच्या शिकलेल्या मुलीच्या फोनमध्ये घालून द्या.

ऑर्डर १० प्रमाणे पहिल्या सुनावणीला कोर्ट स्वतः पक्षकारांना काय मान्य आणि काय नाही हे विचारू शकते. आपल्याकडे ही चौकशी क्वचितच होते, बहुतेक वेळा मुद्द्यांचा मसुदा येतो आणि मुद्दे निघतात. न्यायाधीश महोदयांकडे हा आग्रह तुम्ही धरू शकता, मी नाही. पहिल्या तारखेला पक्षकाराला घेऊन या आणि ऑर्डर १० खाली त्याला विचारावे, असा अर्ज द्या.

ठराव व्हायला वेळ लागेल. पण सोमवारच्या बोर्डावर तुमच्या नावाचा एखादा दावा कैफियतीला किंवा पुराव्याला असेलच. त्या पक्षकाराला रविवारी फोन करा, काय दाखल करणार आहात ते वाचून दाखवा आणि विचारा, "यात काही राहिलंय का?"

आपला नम्र,
दिवाणी न्यायालयातील एक निवृत्त कर्मचारी
सोलापूर